नावात ‘हीट’, पण काम दाबाचे

२२ सप्टेंबर २०२० रोजी अहिल्यानगर (तेव्हाचे अहमदनगर) येथील के. के. रेंजवर ‘अर्जुन’ रणगाड्याच्या तोफेतून एक क्षेपणास्त्र सुटले आणि तीन किलोमीटरवरच्या लक्ष्यावर अचूक बसले. पुण्यातल्या पाषाणची एआरडीई, पुण्याचीच एचईएमआरएल आणि डेहराडूनची आयआरडीई या डीआरडीओच्या तीन प्रयोगशाळांनी मिळून ते तयार केले होते. त्याच्या अधिकृत माहितीत एक शब्द होता: ‘हीट’ वॉरहेड, म्हणजे क्षेपणास्त्राच्या टोकाचा स्फोटक भाग. तो वाचला की डोळ्यांसमोर काय उभे राहते? भयंकर तापमान, लालभडक झालेले चिलखत, लोण्यासारखे वितळणारे पोलाद. अशी वर्णने मराठीत मी अनेकदा वाचली आहेत. मला ती खटकतात, कारण त्या छिद्रात जे खरोखर घडते ते वितळण्यापेक्षा कितीतरी विलक्षण आहे आणि नेमके तेच या वर्णनांमुळे झाकले जाते.

‘हीट’ हा शब्दच नाही, ती चार आद्याक्षरे आहेत: हाय एक्स्प्लोझिव्ह अँटी-टँक. म्हणजे रणगाड्याविरुद्ध वापरायचे उच्च स्फोटक. दुसऱ्या महायुद्धाच्या काळातल्या अमेरिकी दारूगोळ्याच्या याद्यांमध्ये हे नाव ‘एच.ई., ए.टी.’ असे, मधे स्वल्पविराम देऊन लिहीत. पुढे टिंबे गेली, स्वल्पविराम गेला आणि उरलेली अक्षरे योगायोगाने इंग्रजीतल्या ‘उष्णता’ या शब्दासारखी दिसू लागली. इतर भाषांत हा घोटाळा झालाच नाही. जर्मन लोक याला ‘होललाडुंग’ म्हणतात, म्हणजे पोकळी ठेवलेले स्फोटक. रशियन नाव आहे ‘कुम्युलातिव्नी’, म्हणजे एका जागी एकवटणारा. या दोन नावांत मिळून सगळे विज्ञान आले आहे: स्फोटकात पोकळी ठेवायची आणि ऊर्जा एकवटायची. मराठीत मी तरी ‘पोकळ स्फोटक’ म्हणतो.

पोकळीची ही गंमत लक्षात आली ती रणगाडे जन्मायच्या आधी. १८८८ साली अमेरिकेतल्या न्यूपोर्ट इथल्या नौदलाच्या टॉर्पेडो केंद्रात चार्ल्स मन्रो हे रसायनशास्त्रज्ञ गनकॉटन या स्फोटकाच्या वड्या लोखंडी पत्र्यावर ठेवून उडवत होते. वड्यांवर ‘यूएसएन’ अशी नौदलाची अक्षरे खोलगट ठशाने उमटवलेली असत. स्फोटानंतर पत्रा पाहिला, तर त्यावर तीच अक्षरे कोरली गेली होती! वडीत जिथे स्फोटक कमी होते, जिथे खळगा होता, नेमक्या तिथेच लोखंड जास्त खोल गेले होते. जिथे स्फोटक कमी तिथे घाव मोठा, हे पहिल्यांदा ऐकताना उलटेच वाटते. पण खळग्याच्या सगळ्या बाजूंनी आलेले स्फोटाचे वायू मधल्या रेषेवर एकमेकांना भिडतात आणि बाजूला जायला वाट नसल्याने पुढे उसळतात. खाणकामात असे काहीसे होते, हे फ्रान्झ फॉन बाडर या जर्मन खाण अभियंत्याने १७९२ मध्येच सुचवले होते. मन्रोंच्या पत्र्यावर ते वाचता येण्याजोगे उमटले.

त्याचे शस्त्र व्हायला आणखी पन्नास वर्षे गेली. १९३०च्या दशकात ऑस्ट्रियाचे फ्रान्झ थोमानेक आणि स्वित्झर्लंडचे हेन्री मोहाप्ट यांनी स्वतंत्रपणे हे काम पुढे नेले, आणि त्यातून स्पष्ट झाले की पोकळीला आतून धातूचे पातळ अस्तर लावले तर भेदण्याची ताकद कितीतरी पटींनी वाढते. १० मे १९४० रोजी जर्मन सैनिक ग्लायडरने बेल्जियमच्या एबेन-एमाएल किल्ल्याच्या छतावर उतरले आणि ५० किलोची पोकळ स्फोटके पोलादी घुमटांवर ठेवून त्यांनी ती उडवली. जगातला सर्वांत अभेद्य किल्ला अशी त्याची ख्याती होती. दुसऱ्या दिवशी तो शरण आला.

आता हे अस्तर नेमके करते काय, ते पाहू. यासाठी स्फोटक लागत नाही, शाळेतली एक परीक्षानळी पुरते. नळीत निम्मे पाणी घ्या. पाण्याचा पृष्ठभाग काचेलगत थोडा वर चढलेला आणि मधे खोलगट दिसेल. नळी उभी धरून चार-पाच सेंटिमीटरवरून रबराच्या तुकड्यावर किंवा जाड वहीवर सरळ सोडा (काचेऐवजी प्लॅस्टिकची नळी घेतलेली बरी). आपटताच पाण्याच्या मधोमध सुईसारखी एक बारीक धार सणकन वर उडते. धार जाते ती नळी ज्या उंचीवरून सोडली त्याच्या कितीतरी वर! आपटल्यावर खोलगट पृष्ठभाग सगळीकडून मधे कोसळतो, आणि पुष्कळ पाण्याची ऊर्जा थोड्याशा पाण्याच्या वाट्याला येते. हा प्रयोग सोव्हिएत स्फोटकतज्ज्ञ जॉर्जी पोक्रोव्स्की यांच्या नावाने ओळखला जातो. ते स्वतः पोकळ स्फोटकांवर काम करत होते, यात नवल नाही.

हीट गोळ्यात पाण्याच्या जागी तांब्याचा शंकू असतो. आपल्या देवळातल्या घंटेसारखा पोकळ, तोंड लक्ष्याकडे केलेला. मागे स्फोटक. स्फोट मागून पुढे सरकत येतो तसा शंकू टोकापासून मिटत जातो, आणि मधल्या रेषेवर तांबे तांब्याला इतक्या जोराने भिडते की आतल्या थराची एक बारीक लांब धार पुढे निघते. तिच्या टोकाचा वेग सेकंदाला आठ ते दहा किलोमीटर. पुण्याहून अहिल्यानगरचे सव्वाशे किलोमीटर ती या वेगाने पंधराएक सेकंदांत गाठेल. शंकूतले बरेचसे तांबे मात्र या धारेत नसतेच. ते गोळा होऊन मागून सावकाश येते आणि भेदण्यात त्याचा फारसा वाटा नसतो.

ही धार वितळलेली असते का? हा प्रश्न प्रयोगशाळांनी गांभीर्याने घेतला. सेकंदाच्या कोट्यवधीव्या भागापुरता झळकणारा क्ष-किरण झोत टाकून उडत्या धारेची छायाचित्रे घेतली गेली. तिच्यातल्या अणूंवरून क्ष-किरण कसे वळतात (याला विवर्तन म्हणतात) ते पाहिले, तर अणूंची स्फटिकरचना जागेवर दिसली. म्हणजे तांबे घन आहे. तापमान मोजले गेले ते साधारण ४०० ते ६०० अंश सेल्सिअसच्या दरम्यान. तांबे वितळते १,०८५ अंशांना, पोलाद त्याच्याही बरेच पुढे. ज्या तापमानाला तांबेही वितळत नाही, त्या तापमानाच्या तांब्याने पोलाद वितळणार कसे?

वेळेचा हिशेबही तेच सांगतो. फॅब्रिकेशनच्या शेडमध्ये गॅस कटरने जाड प्लेट कापताना पाहिले असेल तर आठवा: आधी एक जागा लाल व्हायला कितीतरी वेळ ज्योत धरून ठेवावी लागते. हीटची धार आपले काम एका सेकंदाच्या काही दशसहस्रांश भागात उरकते. तेवढ्या वेळात पोलादात उष्णता माणसाच्या केसाच्या जाडीएवढी जेमतेम आत शिरते. वितळवायला सवडच नसते.

मग भोक पडते कसे? दाबाने. धार जिथे पोलादाला भिडते तिथे सहा लाख वातावरणांहून जास्त दाब निर्माण होतो (एक वातावरण म्हणजे आपल्याभोवतीच्या हवेचा दाब). चिलखती पोलादाची मजबुती दहा-पंधरा हजार वातावरणांच्या घरातली. धातूच्या मजबुतीच्या चाळीस-पन्नास पट दाब त्यावर आला की ती मजबुती असून नसल्यासारखी होते. घन पोलाद घनच राहून वाहू लागते, बाजूला सरते, आणि धारेला वाट मिळते. कणकेच्या गोळ्यात बोट खुपसल्यावर कणीक जशी सगळीकडे सरकते तसे. कणीक वितळत नाही आणि कापलीही जात नाही.

आणि पोलाद जर पाण्यासारखे वागत असेल, तर त्याला पाण्याचे गणित लागू पडले पाहिजे. गॅरेट बिर्कहॉफ, जी. आय. टेलर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९४८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या निबंधात नेमके हेच केले. धातूची मजबुती हिशेबातून सरळ काढून टाकली आणि नळाच्या पाण्यासाठी वापरतात ते बर्नुलीचे समीकरण लावले. उत्तर आले अगदी छोटे: छिद्राची खोली म्हणजे धारेची लांबी गुणिले दोन्ही धातूंच्या घनतांच्या गुणोत्तराचे वर्गमूळ. तांब्याची घनता पोलादापेक्षा थोडी जास्त, म्हणून धार स्वतःच्या लांबीहून साधारण सात टक्के जास्त खोल जाते. या सूत्रात वेग नाही! पुरेसा वेग असला की झाले. त्यापुढे खोली ठरते ती लांबीने आणि घनतेने. मला हा विसाव्या शतकातल्या उपयोजित गणिताचा एक अतिशय देखणा निष्कर्ष वाटतो. प्रत्यक्षात धार पुढे वेगवान आणि मागे मंद असल्याने उडताना ताणली जाते, शेवटी तिचे तुकडे पडतात, आणि हिशेब अवघड होतो. पण गाभा हाच.

या सूत्रातून गोळ्याचे रूपही कळते. धारेला ताणायला जागा हवी, म्हणून गोळा चिलखतापासून थोड्या अंतरावर फुटला पाहिजे. कित्येक हीट गोळ्यांच्या नाकावर लांब दांडा दिसतो तो यासाठी. गोळा गरगर फिरला तर धार फाकते, म्हणून बंदुकीच्या गोळीसारखी फिरकी देण्याऐवजी त्याला शेपटीचे पंख लावतात. जिथे तोफेच्या नळीत आटे, म्हणजे गोळ्याला फिरकी देणाऱ्या वळणदार खाचा, असतातच, तिथे फिरकी गोळ्यापर्यंत पोहोचू नये अशी वेगळी सोय करावी लागते.

शब्दाच्या वापराकडे येतो, कारण इथेही बातम्यांत सरमिसळ होते. रणगाडा भेदणाऱ्या प्रत्येक गोळ्याला हीट म्हणत नाहीत. दुसरी मोठी जात आहे ती बाणासारख्या गोळ्यांची. टंगस्टन किंवा युरेनियमचा लांब, जड बाण सेकंदाला दीड किलोमीटरहून अधिक वेगाने फेकायचा, त्यात स्फोटक मुळीच नाही. नळीत त्याच्याभोवती आधार असतो, बाहेर पडताच तो गळून जातो. त्या आधाराला ‘साबो’ म्हणतात, मूळ फ्रेंच अर्थ लाकडी जोडा, आणि सैनिक अख्ख्या गोळ्यालाच ‘सॅबो’ म्हणतात. तिसरी जात ‘हेश’. ही भोकच पाडत नाही. मऊ स्फोटक चिलखतावर शेणाच्या गोवरीसारखे थापले जाते आणि फुटते, त्याची लाट आतल्या बाजूने पोलादाचा पापुद्रा उडवते. ‘अर्जुन’ची तोफ हेश गोळे डागते. आणि नुसता ‘एचई’ गोळा वेगळाच, तो मोकळ्यावरच्या सैन्यावर किंवा मोर्चेबंदीवर डागण्यासाठी. आपल्या सेनेतली खांद्यावरची ८४ मिलिमीटरची कार्ल गुस्ताव्ह हीटही डागते आणि एचईही. कोणता गोळा भरायचा हे त्या क्षणी ओरडून सांगावे लागते. तिथे या दोन नावांतला फरक शब्दकोशापुरता राहत नाही.

बाण आणि हीट यांत मूळचा फरक असा की बाणाची ताकद वेगातून येते, आणि वेग अंतरासोबत घटतो. हीट गोळा आपली ताकद सोबत बाळगतो. शंभर मीटरवर जेवढे भेदेल तेवढेच हजार मीटरवर. म्हणजे अवजड तोफ लागत नाही, आणि एकट्या-दुकट्या पायदळ सैनिकालाही रणगाड्यासमोर उभे राहता येते. सप्टेंबर १९६५ मध्ये खेमकरणजवळ असल उत्तर इथे ४ ग्रेनेडियर्सचे हवालदार अब्दुल हमीद जीपवर बसवलेल्या १०६ मिलिमीटरच्या रिकॉइललेस गनने (डागताना मागे धक्का न देणाऱ्या हलक्या तोफेने) पाकिस्तानी पॅटन रणगाड्यांना भिडले आणि एकामागून एक त्यांनी ते निकामी केले. त्या गनचा हीट गोळा सेकंदाला जेमतेम ५०० मीटर वेगाने जातो. एवढ्या संथ गोळ्याने पॅटन भेदला गेला तो त्याच्या आतल्या शंकूमुळे. हमीद १० सप्टेंबरला तिथेच धारातीर्थी पडले. त्यांना मरणोत्तर परमवीरचक्र मिळाले. अहिल्यानगरच्या रणगाडा संग्रहालयात पॅटन उभा आहे. त्याच्या पोलादाच्या जाडीला हात लावून पाहिला की उघड्या जीपवर बसून त्याच्यासमोर जाणे म्हणजे काय, याची कल्पना येते.

बाहेरून हीटचे छिद्र अंगठ्याएवढेही असू शकते. आत मात्र तांब्याचे कण आणि उडालेल्या पोलादाचे तुकडे तीन-चार माणसे बसलेल्या खोलीत पसरतात. म्हणूनच बचावाचे मार्ग शोधणे चालू राहिले. जर्मन शास्त्रज्ञ मानफ्रेड हेल्ड यांनी धारेचीच नाजूक बाजू पकडली: ती बारीक आणि लांब आहे, म्हणजे आडवी ढकलली की विस्कटते. दोन पोलादी पत्र्यांमध्ये स्फोटकाचा थर ठेवून केलेल्या विटा चिलखतावर तिरप्या बसवल्या. धार आत शिरताच स्फोटक उडते, पत्रे धारेला आडवे सरकतात आणि तिच्या वाटेत सतत नवे पोलाद येत राहते. हे ‘स्फोटक प्रतिक्रियाशील चिलखत’ इस्रायलने १९८२ च्या लेबनॉन युद्धात वापरले, आणि भारताच्या टी-७२ रणगाड्यांसाठी ते पुण्याच्या एचईएमआरएलने विकसित केले. त्यावर उतारा म्हणून दोन शंकूंचे गोळे आले: पुढचा छोटा शंकू वीट उडवतो, मागचा मोठा शंकू मोकळ्या चिलखतावर काम करतो. आपले ‘नाग’ हे रणगाडाविरोधी क्षेपणास्त्र याच पद्धतीचे. के. के. रेंजवर त्या दिवशी डागलेले क्षेपणास्त्रही अशा विटा लावलेले चिलखत भेदण्यासाठीच होते.

हे शंकू आपल्या किनाऱ्यापासून दीडशे-पावणेदोनशे किलोमीटरवर, मुंबई हायच्या समुद्रतळाखालीही फुटतात. तेलविहीर खणून झाली की तिच्यात पोलादी नळ बसवून भोवती सिमेंट भरतात, म्हणजे विहिरीच्या भिंती ढासळत नाहीत. पण त्यामुळे तेल असलेला खडक नळाबाहेर बंद होतो. मग एका लांब नळीत छोटी पोकळ स्फोटके ओळीने लावून ती हव्या त्या खोलीवर सोडतात आणि उडवतात. प्रत्येक धार पोलाद, सिमेंट आणि मग खडक भेदत जाते. नळाला पडलेले भोक करंगळी जाईल न जाईल एवढे, पण त्यातून खडकातले तेल विहिरीत झिरपू लागते, वर चढते आणि समुद्राखालच्या वाहिनीतून उरणला येते.