ॲड्रिनल ‘थकते’ की निकामी होते?

सतत थकवा, सकाळी अंथरुणातून उठवत नाही, उभे राहिले की डोळ्यांपुढे अंधारी येते, खारट खावेसे वाटते. अशा तक्रारींना हल्ली जाहिरातींत आणि समाजमाध्यमांवर सर्रास ‘ॲड्रिनल फटीग’, म्हणजे ॲड्रिनल ग्रंथींचा थकवा, म्हटले जाते. वैद्यकशास्त्रात ‘ॲड्रिनल इन्सफिशियन्सी’ (या ग्रंथींची संप्रेरके कमी पडणे) नावाचा आजार आहे आणि त्याच्या लक्षणांची यादीही जवळजवळ हीच आहे. त्यामुळे पहिला प्रकार म्हणजे दुसऱ्याची सौम्य पायरी असावी, असा समज सहज होतो. पण तो चुकीचा आहे.

मूत्रपिंडांच्या माथ्यावर बसलेल्या ॲड्रिनल या दोन छोट्या ग्रंथी आपल्या मर्जीने चालत नाहीत. ताणाची जाणीव झाली की मेंदूतील हायपोथॅलॅमस सीआरएच हे संप्रेरक सोडतो, त्यामुळे मेंदूच्या तळाशी असलेली पीयूषिका (पिट्युटरी) ग्रंथी रक्तात एसीटीएच हे संप्रेरक सोडते आणि एसीटीएचच्या हुकुमावरून ॲड्रिनलचा बाहेरचा थर कॉर्टिसॉल हे ताणाला तोंड देणारे संप्रेरक तयार करतो. रक्तातील कॉर्टिसॉल पुरेसे वाढले की तेच हायपोथॅलॅमस आणि पीयूषिका या दोघांना आवर घालते. ताण नसतानाही ही साखळी चालूच असते: कॉर्टिसॉल सकाळी उठण्याच्या सुमारास सर्वाधिक आणि मध्यरात्रीच्या आसपास सर्वांत कमी असते. (छातीत धडधड करणारे ॲड्रिनलिन याच ग्रंथीच्या आतल्या गाभ्यातून, थेट मज्जातंतूंच्या आदेशाने येते, त्याचा या वादाशी संबंध नाही.)

‘ॲड्रिनल फटीग’ ही संज्ञा जेम्स विल्सन या अमेरिकी पर्यायी चिकित्सकाने 1998 मध्ये रूढ केली. दीर्घकाळ ताण सोसून ग्रंथी दमते आणि तिचे कॉर्टिसॉल कमी पडू लागते, असा हा सिद्धान्त आहे. ऐकायला तो पटतो, पण ग्रंथीचे शरीरशास्त्र नेमके उलटे आहे. एसीटीएच ॲड्रिनलला केवळ कामाला लावत नाही, तिला पोसतेही. त्यामुळे व्यायामाने दंड भरावेत तशी ती सततच्या मागणीने आकाराने वाढते. ताणाचे संशोधक हान्स सेल्ये यांनी 1936 मध्ये प्रसिद्ध केलेल्या उंदरांवरील प्रयोगांतच ताणाखाली ॲड्रिनल मोठ्या झालेल्या दिसल्या होत्या. पुढे त्यांनी ताणाच्या शेवटच्या टप्प्याला ‘एक्झॉशन’ (थकून जाणे) म्हटले खरे, पण त्यावरून ग्रंथी रिकामी होते असे सिद्ध होत नाही.

याचा अर्थ दीर्घ ताणाने या यंत्रणेचे काहीच बिघडत नाही, असाही नव्हे. रात्री उतरायला हवे ते कॉर्टिसॉल पुरेसे उतरत नाही, सकाळ-रात्रीतला फरक पुसट होतो, काहींमध्ये पातळी थोडी कमीही आढळते. मात्र हा बिघाड मेंदूतील नियंत्रणाचा असतो; हुकूम मिळाला तर ग्रंथी काम करून दाखवते. या विषयावरील 58 अभ्यासांचा 2016 मध्ये आढावा घेण्यात आला आणि ‘ॲड्रिनल फटीग’ला वैज्ञानिक आधार नसल्याचा निष्कर्ष निघाला. थकवा खोटा नसतो, कारण चुकीचे सांगितलेले असते. आणि त्या नावावर समाधान मानले की रक्तक्षय, थायरॉइडचा विकार, नैराश्य किंवा झोपेतील श्वासावरोध तपासायचे राहून जाते.

खरा आजार, म्हणजे ॲड्रिनल इन्सफिशियन्सी, डॉक्टर थॉमस ॲडिसन यांनी लंडनमध्ये 1855 साली वर्णिला. तेव्हा त्याचे मोठे कारण क्षयरोग होते. आज अनेक देशांत शरीराची स्वतःचीच प्रतिकारशक्ती ग्रंथीचा नाश करते. यात कॉर्टिसॉलबरोबर अल्डोस्टेरॉन हे शरीरातील क्षार सांभाळणारे संप्रेरकही जाते, म्हणून रक्तातील सोडियम घटते, पोटॅशियम वाढते आणि रक्तदाब कोसळतो. कॉर्टिसॉलचा आवर सुटल्याने एसीटीएच बेसुमार वाढते आणि त्याच्या परिणामाने तळहाताच्या रेषा व हिरड्या काळपट होतात. ही खूण दिसली की अनुभवी डॉक्टर लगेच सावध होतो.

याहून कितीतरी अधिक आढळणारा प्रकार कॉर्टिसॉलसारखे काम करणाऱ्या स्टिरॉइडच्या गोळ्यांमुळे होतो. त्या अनेक आठवडे किंवा महिने घेतल्या की पीयूषिका गप्प बसते, एसीटीएच मिळेनासे होते आणि ग्रंथी आक्रसते. म्हणजे ॲड्रिनल खंगते ती कामाच्या बोज्याने नव्हे, काम काढून घेतल्याने. अशा रुग्णाने गोळ्या एकाएकी बंद केल्या तर जिवावर बेतू शकते. या प्रकारात त्वचा काळवंडत नाही आणि अल्डोस्टेरॉन बहुधा शाबूत राहते, त्यामुळे निदान हुकण्याची शक्यता वाढते.

निदानाची सुरुवात सकाळच्या रक्तातील कॉर्टिसॉलने होते. शंका उरली तर कृत्रिम एसीटीएचचे 250 मायक्रोग्रॅमचे इंजेक्शन देऊन 30 आणि 60 मिनिटांनी पातळी पुन्हा मोजतात. ग्रंथी धड असेल तर आकडा ठळकपणे चढतो. ‘फटीग’साठी दिवसातून चार वेळा लाळ तपासण्याची जी पाकिटे विकली जातात, त्यांवरून हे निदान करता येत नाही. आजार ठरला तर कमी पडलेले संप्रेरक, बहुधा हायड्रोकॉर्टिसोन, रोज घ्यावे लागते, ताप आल्यास मात्रा वाढवावी लागते आणि उलट्यांमुळे गोळी पोटात टिकत नसेल तर तातडीने इंजेक्शन घ्यावे लागते.

‘ॲड्रिनल सपोर्ट’ म्हणून विकल्या जाणाऱ्या 12 पूरक उत्पादनांची तपासणी अमेरिकेत झाली आणि तिचे निष्कर्ष 2018 मध्ये प्रसिद्ध झाले. सर्वांमध्ये थायरॉइडचे संप्रेरक सापडले आणि बहुतेकांत किमान एक स्टिरॉइड संप्रेरक होते. म्हणून अशी गोळी चालू असेल तर कॉर्टिसॉलची तपासणी करण्यापूर्वी डॉक्टरांना तिचे नाव सांगावे आणि ती बरेच दिवस घेतली असेल तर त्यांना न विचारता एकदम थांबवू नये.