पेड न्यूज

पेड न्यूज : रोख रक्कम किंवा वस्तुरूप मोबदला घेऊन बातमी, विश्लेषण वा मुलाखत म्हणून छापलेला अथवा दाखवलेला मजकूर. भारतीय वृत्तपत्र परिषदेची, म्हणजे प्रेस कौन्सिलची, व्याख्या साधारण एवढीच आहे. जाहिरातही पैसे घेऊनच छापली जाते. पण तिच्याभोवती चौकट असते, कोपऱ्यात 'जाहिरात' असे लिहिलेले असते आणि ते पाहून वाचक मजकूर त्याच हिशेबाने वाचतो. पेड न्यूजमध्ये विकली जाते ती जागा नसून बातमीवरचा भरवसा. त्यामुळे तिचा दर जाहिरातीपेक्षा चढा असू शकतो आणि तिचे बिल सहसा फाडले जात नाही.

या एका व्यवहारात तिघे फसतात. वाचकाला प्रचार आणि वार्तांकन यांतला फरक कळत नाही. निवडणूक यंत्रणेला खर्च दिसत नाही, कारण उमेदवाराच्या हिशेबात तो चढतच नाही. आणि रोखीने आलेली रक्कम माध्यमाच्या जमाखर्चात नसल्याने प्राप्तिकर खात्याचाही वाटा बुडतो. पैसे देणारा आणि घेणारा या फसवणाऱ्या दोघांचा मात्र फायदाच असतो, म्हणून तक्रार करायला कोणी पुढे येत नाही. पेड न्यूज सिद्ध करणे अवघड जाते त्याचे मूळ इथे आहे.

पार्श्वभूमी

मोबदल्याच्या बातम्या राजकारणाआधी बाजारात आल्या. २००३ च्या सुमारास एका मोठ्या वृत्तसमूहाने मनोरंजन पुरवण्यांतली जागा उघडपणे विकायला काढली. पुढे कंपन्यांचे समभाग घेऊन त्या बदल्यात जाहिराती देण्याचे करार सुरू झाले. अशा करारांची माहिती वाचकाला दिलीच पाहिजे, असे सेबीच्या, म्हणजे भांडवली बाजाराच्या नियामक मंडळाच्या, आग्रहावरून २०१० मध्ये ठरले.

जिल्हा पातळीवरची वाट वेगळी. तालुक्याच्या बहुतेक वार्ताहरांना पगार नसतो किंवा नाममात्र मानधन असते; खरी मिळकत जाहिरातींच्या कमिशनवर. पुढाऱ्याचा वाढदिवस आला की शुभेच्छांच्या जाहिराती गोळा करायच्या आणि त्याच पुरवणीत त्याच्यावर गौरवलेख लिहायचा, ही दोन्ही कामे एकाच माणसाकडे. बातमी आणणारा आणि जाहिरात आणणारा एकच असला, की निवडणुकीत वेगळे काही करावे लागत नाही. वाढदिवसाचीच पद्धत मोठ्या रकमेला लागू होते.

२००९ च्या लोकसभा निवडणुकीत या प्रकाराला घाऊक रूप आले. हिंदी पट्ट्यात ज्येष्ठ संपादक प्रभाष जोशी यांनी त्याविरुद्ध जाहीर मोहीम उघडली. आंध्र प्रदेशात श्रमिक पत्रकार संघटनेने पश्चिम गोदावरी जिल्ह्यात पाहणी केली. तिथल्याच लोकसत्ता पक्षाच्या (मराठी दैनिकाशी या पक्षाचा काही संबंध नाही) एका उमेदवाराने बातम्यांसाठी दिलेले पैसे सरळ आपल्या निवडणूक खर्चात दाखवले. असा प्रामाणिकपणा विरळाच.

त्याच वर्षीच्या ऑक्टोबरमधल्या महाराष्ट्र विधानसभा निवडणुकीतले प्रकरण सर्वांत गाजले. तत्कालीन मुख्यमंत्री अशोक चव्हाण नांदेड जिल्ह्यातील भोकर मतदारसंघातून उभे होते. प्रचाराच्या दिवसांत त्यांच्या कारकिर्दीवर 'अशोकपर्व' या शीर्षकाखाली रंगीत पाने निघाली, आणि शब्दन् शब्द तोच मजकूर एकमेकांच्या स्पर्धक दैनिकांत आला. उमेदवाराच्या हिशेबात मात्र वृत्तपत्रांतील जाहिरातींसाठी ५,३७९ रुपये आणि केबल वाहिनीवरील जाहिरातींसाठी ६,००० रुपये एवढाच खर्च होता. पत्रकार पी. साईनाथ यांनी हे आकडे आणि ती पाने शेजारी ठेवून लेखन केले. ही पाने पैसे देऊन छापून घेतलेली नाहीत, अशी चव्हाण यांची भूमिका होती.

प्रेस कौन्सिलने परंजॉय गुहा ठाकुरता आणि के. श्रीनिवास रेड्डी यांची द्विसदस्य उपसमिती नेमली. तिचा ७१ पानी अहवाल २०१० च्या एप्रिलमध्ये तयार झाला. त्यात माध्यमसंस्थांची नावे होती, म्हणून कौन्सिलच्या बैठकीत तो अडला आणि जुलैमध्ये नावे गाळलेला छोटा अहवाल स्वीकारला गेला. मूळ अहवाल लोकांसमोर यायला केंद्रीय माहिती आयोगाचा २०११ चा आदेश लागला. वृत्तपत्रांच्या संस्थेकडून वृत्तपत्रांविषयीची माहिती मिळवायला माहिती अधिकार वापरावा लागला, हे या प्रकरणातले एक लक्षणीय उपकथानक.

व्यवहाराची रीत

विक्रीचे एकक म्हणजे 'पॅकेज'. अर्ज भरण्यापासून मतदानाच्या आदल्या दिवसापर्यंतचे टप्पे त्यात बांधलेले असतात : अर्ज भरतानाचे शक्तिप्रदर्शन, रोजची पदयात्रा, एखादी मुलाखत, मोठ्या नेत्याची सभा, कुटुंबीयांवरचे हलकेफुलके सदर आणि शेवटी 'विजयाकडे वाटचाल' छापाचे पान. जागा, पान क्रमांक आणि छायाचित्राचा आकार यांवर रक्कम ठरते. प्रतिस्पर्ध्याविरुद्धच्या मजकुराचे पैसे वेगळे. बोलणी कधी जाहिरात विभाग करतो, कधी थेट आवृत्तीप्रमुख. काही ठिकाणी मध्ये प्रसिद्धी सांभाळणारी संस्था असते आणि तिच्या बिलावर 'कार्यक्रम व्यवस्थापन' असे काहीतरी लिहिलेले असते.

मजकूर बहुधा उमेदवाराच्या कार्यालयातूनच तयार होऊन येतो. मतदान जवळ आलेले, पान सोडायची वेळ झालेली, अशा घाईत उपसंपादक त्याला हात लावत नाही. पुढे ओळख पटते ती या आळसामुळेच.

ओळखायचे कसे

निवडणूक आयोगाने नमुन्यादाखल दिलेल्या खुणा छापखान्यात वावरलेल्या माणसाला लगेच पटाव्यात अशा आहेत. एकच मजकूर, तेच छायाचित्र, तोच मथळा दोन स्पर्धक दैनिकांत एकाच सुमारास, पण बायलाइन, म्हणजे बातमीवरची लेखकांची नावे, वेगवेगळ्या. एकाच पानावर दोन विरोधी उमेदवारांची स्तुती आणि दोघांचाही विजय निश्चित. समाजाच्या सर्व घटकांचा पाठिंबा असल्याचे सांगणारी, बायलाइन नसलेली बातमी. उमेदवार इतिहास घडवणार असा आठ कॉलमी मथळा, पण त्याखाली त्या मथळ्याची बातमीच नाही. सगळ्या बातम्या १२५ ते १५० शब्दांच्या आणि प्रत्येकीला दोन कॉलमी फोटो. खरी बातमी अशी मापात बसत नाही, जाहिरात बसते. सर्वांत बोलकी खूण टंकाची. एकाच पानावर तीन-चार तऱ्हांचे टाइप दिसले, तर ते पान त्या दैनिकाच्या कार्यालयात लागलेले नाही, बाहेरून तयार होऊन आले आहे.

यांतली एखादी खूण एकटी पुरेशी नाही. वृत्तसंस्थेच्या वार्तापत्रावरून दोन दैनिकांत सारखी बातमी येऊ शकते, आणि पक्षाने पाठवलेले प्रसिद्धिपत्रक जसेच्या तसे छापणे ही आळशी पत्रकारिता असली तरी पेड न्यूज नव्हे. त्यामुळे एका कात्रणावरून निष्कर्ष काढू नये. सलग आठवडाभराचे अंक समोर घेऊन कोणाला किती जागा मिळाली ते पाहिले तर चित्र स्पष्ट होते.

समिती आणि तिची कार्यपद्धती

आयोगाने जून २०१० मध्ये या विषयावर पहिल्या सूचना काढल्या. आज जे काम चालते ते प्रत्येक जिल्ह्यातील माध्यम प्रमाणीकरण व संनियंत्रण समितीमार्फत, बोलीभाषेत 'एमसीएमसी'. जिल्हा निवडणूक अधिकारी तिचे प्रमुख आणि जिल्हा माहिती अधिकारी सदस्य सचिव असतात. एका स्वतंत्र नागरिकाला किंवा पत्रकारालाही त्यात स्थान असते. दूरचित्रवाणीवरील राजकीय जाहिराती आधी तपासून प्रमाणित करणे हे तिचे दुसरे काम. त्याचा उगम सर्वोच्च न्यायालयाच्या १३ एप्रिल २००४ च्या आदेशात आहे. मान्यताप्राप्त पक्ष आणि उमेदवार यांनी प्रसारणाच्या किमान ३ दिवस आधी आणि इतरांनी ७ दिवस आधी अर्ज करायचा; सोबत जाहिरातीच्या दोन प्रती आणि साक्षांकित संहिता जोडायची. छापील जाहिरातींना पूर्वप्रमाणन लागते ते फक्त मतदानाच्या दिवशी आणि आदल्या दिवशी.

संशयित पेड न्यूजच्या बाबतीत घड्याळ लावलेले आहे. मजकूर आल्यापासून किंवा तक्रार मिळाल्यापासून ९६ तासांत निवडणूक निर्णय अधिकारी उमेदवाराला नोटीस देतो : हा खर्च तुमच्या हिशेबात का धरू नये? उमेदवाराने ४८ तासांत उत्तर दिले नाही, तर समितीचा निर्णय अंतिम. निर्णय मान्य नसल्यास ४८ तासांत राज्यस्तरीय समितीकडे अपील. तिने ९६ तासांत निकाल द्यायचा. त्यावर पुन्हा ४८ तासांत आयोगाकडे जाता येते. तक्रारीसोबत पूर्ण पान जोडावे, नुसते कापलेले कात्रण नको. पान क्रमांक, आवृत्ती आणि शेजारचा मजकूर दिसला नाही, तर टंकाची व मांडणीची तुलना करता येत नाही आणि तक्रार तिथेच लंगडी पडते.

पैसे दिल्याचा पुरावा मिळणार नाही हे गृहीत धरूनच ही पद्धत आखली आहे. मजकूर पेड न्यूज ठरला, की तेवढ्या जागेची सरकारी जाहिरात दराने किंमत काढतात आणि ती 'काल्पनिक खर्च' म्हणून उमेदवाराच्या खात्यात टाकतात. उदाहरणापुरता हिशेब असा : १६ सेंमी रुंद आणि २५ सेंमी उंच मजकूर म्हणजे ४०० चौरस सेंमी, दर चौरस सेंमीला ३० रुपये धरला, तर १२,००० रुपये. २०२२ पासून महाराष्ट्रासारख्या मोठ्या राज्यात विधानसभेची खर्चमर्यादा ४० लाख रुपये आहे. म्हणजे एवढा मजकूर दहा वेळा छापून आला, तरी मर्यादेचे फक्त ३ टक्के. सरकारी दर व्यापारी दरापेक्षा बराच कमी असतो, त्यामुळे खिशातून गेलेली रक्कम आणि हिशेबात चढलेली रक्कम यांची सांगड बसत नाही. २००९ मध्ये मर्यादा १० लाख होती, तेव्हा हाच मजकूर जड गेला असता.

न्यायालयात

लोकप्रतिनिधित्व अधिनियम, १९५१ च्या कलम ७७ प्रमाणे उमेदवाराने खर्चाचा खरा हिशेब ठेवायचा आणि कलम ७८ प्रमाणे निकालानंतर ३० दिवसांत सादर करायचा. तो रीतसर सादर केला नाही, तर कलम १०-अ खाली आयोग तीन वर्षांसाठी अपात्र ठरवू शकतो. पेड न्यूजची आजवरची मोठी प्रकरणे याच कलमावर लढली गेली. उत्तर प्रदेशातील बिसौलीच्या आमदार उमलेश यादव यांनी २००७ च्या निवडणुकीतील २१,२५० रुपयांच्या मजकुराचा खर्च दाखवला नव्हता. ऑक्टोबर २०११ मध्ये त्या अपात्र ठरल्या. या कारणावरून अपात्र ठरलेल्या त्या पहिल्या आमदार.

चव्हाण यांच्या प्रकरणात मुद्दा असा होता की, हिशेब वेळेत दिला असेल तर तो खरा की खोटा हे आयोगाने तपासावे का. प्रतिस्पर्धी उमेदवार माधवराव किन्हाळकर यांच्या तक्रारीवरून सुरू झालेल्या या वादात सर्वोच्च न्यायालयाने ५ मे २०१४ रोजी आयोगाला तो अधिकार असल्याचे सांगितले. जुलैत आयोगाने हिशेब रीतसर नसल्याचे ठरवून नोटीस काढली, ती दिल्ली उच्च न्यायालयाने सप्टेंबरमध्ये रद्द केली. मध्य प्रदेशातील तत्कालीन मंत्री नरोत्तम मिश्र यांचेही तसेच झाले. २००८ च्या प्रचारातील ४२ बातम्यांवरून आयोगाने २३ जून २०१७ रोजी त्यांना अपात्र ठरवले आणि मे २०१८ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. खर्च उमेदवाराने केला किंवा त्याच्या संमतीने झाला, एवढे दाखवावेच लागते. बातम्यांचा सूर सारखा असणे त्याला पुरत नाही. निवडणूक २००८ ची आणि उच्च न्यायालयाचा निकाल २०१८ चा, हा कालावधीही ध्यानात घ्यावा.

न आलेली बातमी

कार्यपद्धतीची मोठी उणीव अशी की ती फक्त छापलेल्या जागेचे माप घेते. पॅकेज न घेणाऱ्या उमेदवाराची सभा, पत्रकार परिषद, अगदी त्याने काढलेला मोर्चाही पानावर येत नाही. मतदाराला तो उमेदवार रिंगणात आहे हेच कळत नाही. कमी पैशाच्या अपक्षाला आणि लहान पक्षाला याचा फटका सर्वाधिक बसतो. सत्तेतल्या माणसाला दुसरी सोय असते : सरकारी जाहिराती कोणत्या दैनिकाला किती द्यायच्या हे त्याच्या हाती, त्यामुळे रोकड न मोजताही गप्प बसवता येते. तक्रारीला कात्रण लागते, आणि इथे कात्रणच नाही.

समाजमाध्यमांत हा गुंता वाढला आहे. २०१३ पासून उमेदवाराने आपली खाती शपथपत्रात नोंदवायची आहेत आणि मजकूर तयार करणाऱ्यांना दिलेले पैसेही खर्चात धरायचे आहेत. परंतु समर्थकाच्या नावाने चालवलेले पान, गावच्या यूट्यूब वाहिनीची 'विशेष मुलाखत' किंवा रीलवाल्याला हातात दिलेली रक्कम नोंदीत येत नाही. उमेदवाराच्या लेखी परवानगीशिवाय त्याच्या प्रचारावर खर्च करणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १७६ खाली गुन्हा आहे. पण तो खर्च त्या माणसानेच केला हे आधी दाखवावे लागते.

कायद्यातील बदलांचे प्रस्ताव

सध्याच्या तजविजीत शिक्षा होते ती उमेदवाराला. पैसे घेणाऱ्या माध्यमाला प्रेस कौन्सिलची समज मिळते, आणि कौन्सिलला दंड करण्याचा अधिकार नाही. दूरचित्रवाणी तर तिच्या कक्षेतच नाही. पेड न्यूज हा निवडणूक गुन्हा ठरवून किमान दोन वर्षांची शिक्षा ठेवावी, असा प्रस्ताव आयोगाने २०११ मध्येच दिला. संसदेच्या माहिती तंत्रज्ञानविषयक स्थायी समितीने मे २०१३ मध्ये आपल्या ४७ व्या अहवालात याच विषयाची चिकित्सा केली, आणि विधी आयोगाने मार्च २०१५ च्या २५५ व्या अहवालात व्याख्येसह दुरुस्ती सुचवली. देणारा आणि घेणारा या दोघांनाही जबाबदार धरावे, हा त्या सूचनेचा गाभा. १९५१ च्या अधिनियमात ती दुरुस्ती झालेली नाही. जिल्हा समित्या अजूनही काल्पनिक खर्चाच्या हिशेबावरच काम करतात.