विधिमंडळातली गिटार : न्यू मेक्सिकोच्या एका गायक-नेत्यामागचा इतिहास

अमेरिकेतल्या न्यू मेक्सिको राज्याचं विधिमंडळ सांता फे इथल्या गोल इमारतीत भरतं. सगळे तिला ‘राउंडहाउस’ म्हणतात. 1971 साली या इमारतीत राज्याच्या नव्या गीताचा प्रश्न आला. इंग्रजी राज्यगीत होतंच, 1917 पासून. ते लिहिणारी एलिझाबेथ गॅरेट अंध होती, आणि तिचे वडील म्हणजे बिली द किड या कुख्यात गुंडाला गोळी घालणारा शेरीफ पॅट गॅरेट. आता स्पॅनिश गीत हवं होतं. आमादेओ लुसेरो यांचं ‘आसी एस नुएवो मेहिको’ हे गीत आमदारांसमोर गायलं गेलं. गाणारे होते राज्याचे लेफ्टनंट गव्हर्नर, म्हणजे गव्हर्नरखालोखालचे निवडून आलेले नेते. गिटार त्यांची स्वतःची साथ करत होती. गीत त्याच वर्षी मंजूर झालं.

त्या गृहस्थांचं नाव रोबेर्तो मोंद्रागोन. वय तेव्हा तीस.

बाहेरच्या माणसाला हा प्रकार गमतीचा वाटतो. दिल्लीच्या वर्तमानपत्रात असं काही छापून आलं असतं तर ‘रसिक नेता’ म्हणून शेवटच्या पानावर चौकट पडली असती. न्यू मेक्सिकोच्या उत्तरेकडच्या खेड्यांत मात्र त्यात फारसं नवल नव्हतं. तिथे गाणारा माणूस पूर्वीपासूनच सार्वजनिक माणूस असतो. हे असं का, हे कळायला चारशे वर्षं मागे जावं लागतं.

हुआन दे ओन्यातेने 1598 मध्ये रिओ ग्रांदे नदीच्या वरच्या खोऱ्यात स्पॅनिश वसाहत घातली. 1610 च्या सुमारास सांता फे वसलं. 1680 मध्ये तिथल्या प्वेब्लो लोकांनी उठाव करून स्पॅनिशांना पार दक्षिणेला हाकलून दिलं, आणि बारा वर्षांनी दिएगो दे बार्गास फौज घेऊन परत आला. मेक्सिको सिटीपासून हा मुलूख इतका लांब होता की मालाच्या तांड्याला पोचायला महिनेच्या महिने लागत. धर्मगुरू तर मोजकेच. मग गावकऱ्यांनी आपली कामं आपणच करायची पद्धत पाडली. मेलेल्याच्या उशाशी रात्र जागवताना प्रार्थना कोण म्हणणार? गावातलाच एखादा पाठ असलेला माणूस. पवित्र आठवड्यातली ‘आलाबादो’ ही संथ, वाद्याविना म्हटली जाणारी भजनं कोण सांगणार? तोच, किंवा त्याचा भाऊ. चर्चच्या गैरहजेरीत गाणाऱ्यांनी धर्म सांभाळला, असं म्हटलं तर त्यात अतिशयोक्ती फार नाही.

या मुलखातले, 1848 च्या आधीपासून राहणारे स्पॅनिशभाषक म्हणजे हिस्पानो. ते मेक्सिकोतून अलीकडे आलेले स्थलांतरित नव्हेत, आणि निव्वळ स्पॅनिश रक्ताचेही नव्हेत. प्वेब्लो, नावाहो, कोमांचे अशा अनेक जमातींचं रक्त त्यांच्यात मिसळलं आहे, कितीही जुन्या घराण्याने नाकारलं तरी.

त्यांच्या गाण्यांमधली एक रीत जरा जवळून पाहण्यासारखी आहे: ‘एन्त्रेगा दे नोविओस’. लग्न चर्चमध्ये लागतं, पण गावाच्या लेखी ते पुरं होतं संध्याकाळच्या नाचाच्या वेळी. आधी ‘मार्चा’ होते. जोडप्यांची रांग फिड्ल आणि गिटारच्या तालावर दालनात फेऱ्या घालते, दुभंगते, पुन्हा जुळते. मग सगळे थांबतात. नवरानवरी गुडघ्यांवर बसतात, आणि गायक पुढे येऊन चार-चार ओळींची कडवी म्हणू लागतो. काही कडवी ठरलेली, काही तिथल्या तिथे जुळवलेली. आदाम-हव्वेपासून सुरुवात, मग नवऱ्याला उपदेश, नवरीला उपदेश, मग साक्षीदार जोडप्याला म्हणजे ‘पाद्रिनों’ना हाक, मग दोन्हीकडच्या आईवडिलांना: या, तुमच्या मुलांना आशीर्वाद द्या. आपल्याकडची मंगलाष्टकं आणि पाठवणी एकाच माणसाने, दोन्ही घरांची नावंगावं गुंफत, उभ्या उभ्या रचावी, तसं. आया डोळे पुसत असतात, आणि गायकाने एखाद्या रुसलेल्या काकाचं नाव विसरून चालत नाही.

वर्षाच्या पहिल्या दिवशीही हेच. एक जानेवारी म्हणजे मानुएल नावाच्यांचा दिवस. मध्यरात्रीनंतर गाणारी मंडळी एकेका मानुएलच्या दारात जाऊन उभी राहतात आणि त्याच्या नावाने कडवी म्हणतात. दार उघडतं, पोसोले हा मक्याचा रस्सा आणि बिस्कोचितो ही बिस्किटं पुढे येतात, टोळी पुढच्या घरी निघते. अशी पहाट होते.

आता असा विचार करा: ज्याला प्रत्येक घरातली नावं, सोयरिकी, भांडणं, मेलेली माणसं आणि गावाबाहेर गेलेली पोरं ठाऊक आहेत, जो मंडपात उभा राहिला की लोक गप्प होतात, त्याला निवडणुकीला उभं राहायला आणखी काय हवं? मतदारयादीच त्याच्या तोंडात असते. आसेकियाची व्यवस्था यालाच जोडून येते. आसेकिया म्हणजे शेताला पाणी नेणारा सामाईक पाट. दर पाटाला तीन निवडलेले कारभारी आणि एक मायोर्दोमो, म्हणजे पाटकरी. वसंतात गाळ काढायला कुणी किती माणसं द्यायची, पाण्याची पाळी कुणाची, हे ते ठरवतात. न्यू मेक्सिकोच्या कायद्यात ही आसेकिया आजही अधिकृत स्थानिक संस्था आहे. पाण्याचं भांडण मिटवणं हे तिथल्या राजकारणाचं पहिल्या इयत्तेचं पुस्तक.

1846 मध्ये अमेरिकी सैन्य सांता फेत शिरलं. 1848 च्या ग्वादालुपे इदाल्गो तहाने मुलूख अमेरिकेचा झाला आणि तिथल्या लोकांच्या मालमत्तेला अभय दिलं गेलं. कागदावर. स्पॅनिश आणि मेक्सिकन सरकारांनी गावांना सामाईक कुरणं, जंगलं दिली होती, त्यांना ‘मेर्सेद’ म्हणत. अमेरिकी न्यायालयांना सामाईक मालकी ही कल्पनाच पटेना. वकिलांनी फीऐवजी जमिनी घेतल्या. (त्या जमिनी मुळात कुणाच्या होत्या, हा प्रश्न प्वेब्लो लोक विचारतात तेव्हा हिस्पानोंचीही पंचाईत होते, हे सांगायला हवं.) 1889-90 मध्ये लास वेगासच्या आसपास, म्हणजे न्यू मेक्सिकोतल्या लास वेगासच्या, ‘गोरास ब्लांकास’ या पांढऱ्या टोप्यावाल्यांनी रात्री निघून कुंपणाच्या तारा कापल्या. त्यातून ‘पार्तिदो देल प्वेब्लो उनिदो’, म्हणजे ‘एकजूट जनतेचा पक्ष’, हा पक्ष उभा राहिला. त्या पक्षाची बाजू मांडणाऱ्या ‘ला बोस देल प्वेब्लो’ या स्पॅनिश वर्तमानपत्राच्या संपादकांपैकी एक होते एसेकिएल काबेसा दे बाका. 1912 मध्ये न्यू मेक्सिको अमेरिकेचं 47 वं राज्य झालं, तेव्हा पहिले लेफ्टनंट गव्हर्नर तेच. पुढे 1917 च्या जानेवारीत ते गव्हर्नर झाले आणि फेब्रुवारीत वारले.

लेफ्टनंट गव्हर्नर हे पद आपल्याकडच्या नायब राज्यपालासारखं नेमणुकीचं नव्हे, निवडून येण्याचं. तो राज्याच्या सिनेटच्या अध्यक्षस्थानी बसतो, बरोबरीची मतं पडली तर आपलं मत टाकतो, आणि गव्हर्नर राज्याबाहेर गेला की कारभार पाहतो. एरवी हाताशी सत्ता थोडी. गव्हर्नरचं नाव इंग्रजी, लेफ्टनंट गव्हर्नरचं स्पॅनिश, असा मतपत्रिकेचा तोल सांभाळायला हे पद बरं पडतं, हे दोन्ही पक्षांना ठाऊक होतं.

राज्याची घटना 1910 मध्ये लिहिली गेली. लिहिणाऱ्या शंभर जणांपैकी साधारण एक तृतीयांश हिस्पानो होते आणि त्यांनी एक पक्की मेख मारून ठेवली. इंग्रजी किंवा स्पॅनिश बोलता-लिहिता येत नाही म्हणून कुणाचा मतदानाचा, पदावर बसण्याचा हक्क काढता येणार नाही. आणि हे कलम बदलायचं तर राज्यभरातली तीन चतुर्थांश मतं हवीत, शिवाय प्रत्येक काउंटीत, म्हणजे जिल्ह्यात, दोन तृतीयांश. इतकं कठीण कुलूप क्वचितच कुठल्या घटनेत सापडेल. कायदे पहिली वीस वर्षं दोन्ही भाषांत छापायचे, हेही ठरलं. शाळांतली गोष्ट निराळी. वर्गात स्पॅनिश बोललेल्या मुलांना मार खावा लागे. घटनेने मान दिलेली भाषा शाळेच्या पटांगणात गुन्हा ठरावी, ही विसंगती दोन-तीन पिढ्यांनी भोगली. मोंद्रागोन त्यांतल्याच एका पिढीचे.

त्यांचा जन्म 1940 चा, ग्वादालुपे काउंटीतल्या ला लोमा या गावचा. पेकोस नदीकाठचं हे गाव आन्तोन चिकोच्या मेर्सेदमध्ये येतं. ही मेर्सेद 1822 ची, म्हणजे मेक्सिकोला नुकतंच स्वातंत्र्य मिळालं होतं तेव्हाची. पुढे ते आल्बुकर्कीला आले आणि स्पॅनिश रेडिओवर निवेदक झाले. महायुद्धानंतर खेड्यांतले हिस्पानो कामासाठी शहरात आले होते. ते घरी स्पॅनिश बोलत, कारखान्यात इंग्रजी, आणि सकाळी स्वयंपाकघरात रेडिओ लावत. मंडपातल्या गायकाचं जे गावात चाले, ते आता निवेदकाचं शहरात चालू लागलं: वाढदिवस, मयती, नाचाचे कार्यक्रम, फर्माइशी. त्याच काळात आल हरिकेन आणि त्याचे भाऊ आल्बुकर्कीत रांचेरा, रॉक आणि जुन्या पोल्का एकत्र घोटून ‘न्यू मेक्सिको म्युझिक’ म्हणून ओळखला जाणारा बाज घडवत होते. मोंद्रागोनची वाट त्याहून जुनी होती: गिटार, पारंपरिक गाणी, सगळ्यांनी मिळून म्हणायची.

1966 च्या निवडणुकीत ते डेमोक्रॅटिक पक्षाकडून राज्याच्या प्रतिनिधिगृहात गेले. पुढच्याच जूनमध्ये, 5 तारखेला, रेइएस लोपेस तिहेरिनाच्या माणसांनी तिएर्रा आमारियाच्या न्यायालयावर सशस्त्र धडक मारली. मागणी तीच, मेर्सेदच्या जमिनी परत करा. राज्याने नॅशनल गार्ड पाठवलं, रणगाडेसुद्धा. सारं राज्य हादरलं. हिस्पानोंचं दुखणं आता दाबून चालणार नाही हे पक्षांच्या ध्यानात आलं, आणि बंदुकीऐवजी गिटार हातात असलेला तरुण पुढारी त्यांना परवडण्यासारखा वाटला असेल, तर त्यात आश्चर्य नाही. हा माझा तर्क. 1970 मध्ये डेमोक्रॅटिक पक्षाचा गव्हर्नरपदाचा उमेदवार होता ब्रूस किंग, स्टॅन्ली गावचा गुरांचा मोठा शेतकरी. जोडीला मोंद्रागोन. समोर रिपब्लिकन पीट डोमेनिची, जे पुढे सहा वेळा अमेरिकी सिनेटवर निवडून गेले. किंग-मोंद्रागोन जिंकले.

गीत मंजूर झालं ते या कारकिर्दीच्या आरंभी. 1973 मध्ये न्यू मेक्सिकोने द्विभाषिक आणि बहुसांस्कृतिक शिक्षणाचा कायदा केला, अमेरिकेतल्या राज्यांत असा पहिला. त्याचं श्रेय एका माणसाला देणं चूक होईल, पण ज्या सिनेटच्या अध्यक्षस्थानी स्पॅनिश गाणारा माणूस बसला होता, तिथे स्पॅनिशला वर्गात जागा द्या म्हणणं थोडं सोपं गेलं असणार.

तेव्हाच्या नियमाने गव्हर्नरला लागोपाठ दुसरी मुदत नव्हती. 1974 मध्ये मोंद्रागोन काँग्रेससाठी, म्हणजे अमेरिकी संसदेसाठी, उभे राहिले आणि हरले. हरवणारे होते मानुएल लुहान, रिपब्लिकन आणि अस्सल हिस्पानो. आणि तेही वॉटरगेट प्रकरणामुळे देशभर रिपब्लिकनांची धूळधाण उडाली त्या वर्षी. हिस्पानो मतं एकगठ्ठा पडतात असं मानणाऱ्यांनी ही निवडणूक अभ्यासावी. घराणी, खोरी, चर्च आणि पक्षाची पिढीजात निष्ठा यांनी ती मतं केव्हाच वाटून घेतली होती. त्याच वर्षी जेरी आपोदाका गव्हर्नर झाले, अर्ध्या शतकानंतरचे पहिले हिस्पानो गव्हर्नर. 1978 मध्ये किंग परत आले, मोंद्रागोनही परत आले, 1983 च्या आरंभापर्यंत दुसऱ्यांदा त्याच खुर्चीत. वरची पायरी त्यांना मिळाली नाही.

मग 1994. किंग तिसऱ्यांदा गव्हर्नर होते आणि पुन्हा उभे राहत होते. पक्षात धुसफुस होती; त्यांच्याच लेफ्टनंट गव्हर्नरने, केसी लूना यांनी, पक्षांतर्गत निवडणुकीत त्यांना आव्हान दिलं. आणि मोंद्रागोन ग्रीन पक्षाकडून उभे राहिले, दोनदा ज्यांच्या हाताखाली काम केलं त्यांच्याच विरोधात. पर्यावरणवादी शहरी गोरे आणि पाट-जमिनीवर जगणारी उत्तरेकडची हिस्पानो खेडी यांचं एरवी जमत नाही. जंगलात लाकूड तोडायचं की नाही, इथूनच भांडण सुरू होतं. पाणी आणि जमीन वाचवणं हा धागा दोघांना जोडू शकेल, असा हा डाव होता. मोंद्रागोनना सुमारे 10 टक्के मतं पडली. किंगना जवळपास 40, आणि रिपब्लिकन गॅरी जॉन्सनला जवळपास 50. राजकारणात नवखा असलेला हा बांधकाम व्यावसायिक गव्हर्नर झाला. 2012 आणि 2016 मध्ये राष्ट्राध्यक्षपदासाठी लिबर्टेरियन पक्षाकडून उभा राहिलेला जॉन्सन तो हाच.

‘मतं खाल्ली’ हा आरोप लगेच झाला. हिशेब मात्र इतका सरळ नाही. मोंद्रागोनना पडलेली जवळजवळ सगळी मतं किंगकडे गेली असती तरच किंग वाचले असते, आणि तिसऱ्या पर्यायाला मत देणाऱ्यांपैकी बरेच जण तो पर्याय नसला तर घरीच बसतात. किंगच्या पक्षातल्या भांडणाचं बिल मोंद्रागोनच्या नावावर फाडलं गेलं, असं माझं मत. पण ग्रीन पक्षाला राज्यात ‘प्रमुख पक्षा’चा दर्जा मिळाला तो याच मतांवर. 1997 च्या पोटनिवडणुकीत त्याचा परिणाम दिसला: डेमोक्रॅटांच्या हक्काच्या उत्तर भागात ग्रीन उमेदवार कॅरल मिलर यांनी 17 टक्क्यांच्या आसपास मतं घेतली आणि काँग्रेसची जागा रिपब्लिकन बिल रेडमंडकडे गेली. पुढच्याच वर्षी टॉम यूडाल यांनी ती परत घेतली.

मोंद्रागोन मात्र गाणं सोडून कुठे गेले नाहीत. जॉर्जिया रोयबाल यांच्याबरोबर ‘आस्पेक्तोस कुल्तुरालेस’ या संस्थेतून त्यांनी पारंपरिक गाणी आणि रिवाज यांचं दोन भाषांतलं साहित्य शाळांसाठी तयार केलं. वर्गात ते शिकवणं आता शिक्षकाच्या कामाचा भाग होता.