उत्तरेकडे डोकं करून झोपलेला कवी

जुलै १८४१. लंडनजवळच्या एपिंग जंगलातल्या मनोरुग्णालयातून एक माणूस कुणाला न सांगता निघाला आणि चार दिवसांत सुमारे १३० किलोमीटर चालत घरी पोचला. भूक असह्य झाली तेव्हा त्यानं रस्त्याकडेचं गवत खाल्लं. ते पावासारखं लागलं, असं त्यानंच लिहून ठेवलंय. पहिल्या रात्री तो उत्तरेकडे डोकं करून झोपला, सकाळी गावाची वाट चुकू नये म्हणून.

हा जॉन क्लेअर (१७९३–१८६४), हेल्पस्टनचा शेतमजूर कवी. नाइटिंगेल घरट्याला बाहेरून ओकची वाळकी पानं आणि आत शेवाळ लावतो, हे तो कवितेत सांगतो ते स्वतः वाकून पाहिलेलं असतं. १८०९च्या कायद्यानंतर त्याच्या गावची गायरानं हळूहळू खासगी कुंपणात गेली. १८३२मध्ये तो जेमतेम पाच किलोमीटरवरच्या गावात राहायला गेला, तर तिथेही त्याला परकं वाटू लागलं. पुढे भ्रम वाढले: कधी आपण कवी बायरन आहोत असं तो म्हणे, कधी मुष्टियोद्धा. १८४१च्या डिसेंबरात त्याला पुन्हा, आता नॉर्दॅम्प्टनच्या मनोरुग्णालयात ठेवलं. दाखल करताना डॉक्टरांनी आजाराचं कारण लिहिलं, वर्षानुवर्षांचं कविता करण्याचं व्यसन! (कर्ज, उपासमार आणि सात मुलांचा संसार त्यांना दिसला नसावा.) मरेपर्यंत तो तिथेच होता. तिथल्या एका कवितेत तो मागतो काय, तर लहानपणीसारखी झोप, खाली गवत आणि वर आभाळ.

आज या मागणीकडे संशोधक गंभीरपणे पाहतात. रॉजर उलरिच यांनी १९८४मध्ये पित्ताशयाची शस्त्रक्रिया झालेल्या ४६ रुग्णांच्या नोंदी तपासल्या. खिडकीतून झाडं दिसणारे रुग्ण, विटांची भिंत दिसणाऱ्यांपेक्षा लवकर घरी गेले आणि त्यांना तीव्र वेदनाशामकंही कमी लागली. २०१५मध्ये कॅलिफोर्नियात ३८ जणांपैकी काहींना दीड तास गवताळ, झाडाझुडपांच्या वाटेवर आणि बाकीच्यांना रहदारीच्या रस्त्याकडेनं चालवलं. पहिल्या गटात स्वतःबद्दलचे तेच ते कडू विचार घोळवत बसणं कमी झालं. अशा वेळी सक्रिय असणाऱ्या, कपाळामागच्या मेंदूतल्या एका छोट्या भागाची हालचालही मंदावली.

यावरून हिरवळीनं क्लेअर बरा झाला असता, असं म्हणणं मला भाबडेपणाचं वाटतं. एपिंगला तर तो जंगलातच राहत होता, तरी पळाला. दोन्ही प्रयोगांत झाड म्हणजे कुठलंही झाड. क्लेअरला हवं होतं ते ओळखीचं. ऑस्ट्रेलियाच्या हंटर खोऱ्यात कोळशाच्या उघड्या खाणींनी परिसर ओरबाडला, तेव्हा घर न सोडताच लोकांना घराची ओढ लागल्याचं तत्त्वज्ञ ग्लेन अल्ब्रेख्ट यांना दिसलं. या दुःखाला त्यांनी ‘सोलास्टॅल्जिया’ म्हटलं. हेल्पस्टनच्या कुंपणांनी क्लेअरचं जे केलं, ते याच्या फार जवळचं आहे आणि दीड तासाच्या फेरफटक्यात ते मोजता येत नाही.