घरच्या भांड्यात ताजी फुलं : आमच्या ग्राहकांसाठी माहितीपत्रक

फुलं नेताना अनेकजण विचारतात, "घरी फ्लॉवरपॉट नाही, कशात ठेवू?" फ्लॉवरपॉटची गरजच नाही. स्टीलचं फुलपात्र, जॅमची बाटली, कान तुटलेला कप, लोणच्याची चिनीमातीची छोटी बरणी, चहाची जुनी किटली, गळत नसलेलं काहीही चालतं. फक्त लहान भांड्यात पाणी जेमतेम पाव लिटर मावतं, हे लक्षात ठेवा. फुलं ते भराभर पितात आणि उरलेलं लवकर नासतं. दुसऱ्याच दिवशी फुलांनी मान टाकली, तर बहुतेकदा दोष फुलांचा नसून या पाण्याचा असतो.

भांडं

आधी तोंड बघा. तोंड 4-5 सेंटिमीटर असेल तर तीन-चार दांड्या एकमेकींना टेकून आपोआप उभ्या राहतात. रुंद वाटीत किंवा कपात त्या लोळतात. अशा वेळी पारदर्शक चिकटपट्टीच्या अरुंद पट्ट्या तोंडावर उभ्या-आडव्या लावून साधारण दीड सेंटिमीटरचे चौकोन करा. काठ आधी कोरडा पुसा, ओल्या काठावर पट्टी धरत नाही. पट्टीची टोकं काठाखाली अर्धा सेंटिमीटरच वळवा, म्हणजे पाल्याआड झाकली जातात.

दांड्या खोचायला मिळणारा हिरवा फोम आम्ही लहान भांड्यांसाठी सुचवत नाही. एकदा खुपसलेली दांडी काढली की तिथे पोकळी राहते आणि त्याच भोकात परत खोचलेल्या फुलाला पाणी नीट मिळत नाही. शिवाय तो कुजत नाही, त्याचा चुरा प्लास्टिकचाच.

भांडं आतून साबणाने घासा. बोटाला बुळबुळीत लागणारा थर म्हणजे जिवाणूच, आणि तेच दांडीचं टोक बुजवतात. हात जात नसलेल्या बाटलीत मूठभर तांदूळ आणि साबणाचं पाणी घालून जोरात हलवा.

कापणं आणि रचणं

बादलीत पाणी घ्या. दांडीचं टोक पाण्याखाली धरून 2 सेंटिमीटर तिरकं कापा. हवेत कापलं तर दांडीतल्या बारीक नळ्यांत हवा शिरते आणि वर जाणारं पाणी अडतं. बोथट कात्रीने दांडी चेपते, म्हणून धारदार चाकू वापरा. पाण्यात बुडणारं एकूण एक पान काढा. सर्वांत आधी पानंच कुजतात.

उंचीसाठी सोपा अंदाज असा: काठाच्या वर दिसणारा भाग भांड्याच्या उंचीच्या दीडपट. 10 सेंटिमीटरच्या फुलपात्रावर साधारण 15 सेंटिमीटर. भांडं टेबलाच्या कडेला ठेवून दांडी बाहेरून लावून बघा, आणि पहिल्यांदा लांबच कापा.

एका फुलपात्राला 3 गुलाब, फाट्याच्या शेवंतीची 1 डहाळी आणि कामिनीच्या पाल्याच्या 2 डहाळ्या पुरतात. पाला आधी, तिरका, काठावर झुकलेला. मग गुलाब: एक उंच, दुसरा दोन बोटं खाली, तिसरा जवळजवळ काठाला टेकलेला. तिन्ही एका उंचीवर आले की रचना ताठ दिसते. शेवंतीचे फाटे सुटे करून उरलेल्या फटींत भरा. जागा उरली म्हणून आणखी फुलं कोंबू नका, दाटीत पाकळ्यांना हवा लागत नाही आणि त्या काळ्या पडतात.

कुठल्या फुलाला काय लागतं

जरबेऱ्याची दांडी मऊ आणि लवदार असते, जास्त पाण्यात ती सडते. तळाशी 4-5 सेंटिमीटरच पाणी ठेवा. निशिगंधाची खालची फुलं सुकतील तशी खुडत जा, वरच्या कळ्या उमलत राहतात. झेंडूच्या पाण्याला वास लवकर येतो, म्हणून त्याला वेगळं भांडं द्या. जास्वंद एका दिवसाचीच, तिला बशीत नुसती ठेवली तरी तेवढीच टिकते. कण्हेर जेवणाच्या टेबलावर किंवा लहान मुलांच्या हाताशी मुळीच नको, तिचा सगळाच भाग विषारी आहे. घरात मांजर असेल तर लिली नेऊ नका. तिचे पराग अंगाला लागले आणि मांजराने चाटले, तरी मूत्रपिंड निकामी होऊ शकतं.

रोजची पाच मिनिटं

रोज सकाळी पाणी पूर्ण बदला, नुसतं वरून भरू नका. दर दोन दिवसांनी दांडी अर्धा-एक सेंटिमीटर नव्याने कापा. नुसती साखर घालू नका. फुलांना ती पोसते खरी, पण जिवाणूंना आधी पोसते. लहान भांड्यात रोजचं ताजं पाणीच भरवशाचं. लिंबाचा रस घालायचाच असेल, तर तो तांब्या-पितळेच्या भांड्यात थेट नको, आत काचेचा पेला ठेवा.

पंख्याचा थेट वारा आणि खिडकीतलं ऊन टाळा. फळांची टोपलीही दूर हवी. पिकत्या केळ्यांतून आणि आंब्यांतून इथिलीन वायू सुटतो, त्याने कार्नेशनच्या पाकळ्या आत मिटतात आणि पुन्हा उघडत नाहीत. आंब्याच्या दिवसांत हे आवर्जून पाळा.

गुलाबाने मान टाकली तर लगेच फेकू नका. दांडी पाण्याखाली 3 सेंटिमीटर कापा, मान सरळ राहील असं वर्तमानपत्रात गुंडाळा आणि कोमट पाण्यात मानेपर्यंत उभा ठेवा. हवा अडकली असेल तर एक-दोन तासांत मान वर येते. तरीही नाही आली, तर पाकळ्या सोडवून बशीभर पाण्यात तरंगत ठेवा.