तळलेला पदार्थ तेल नेमके कधी पितो? इजिप्तच्या मासे-बटाटा गोळ्यांतले वाफेचे गणित

पदार्थ कढईत असताना तेल पितो, आणि तो जितका वेळ कढईत राहील तितके अधिक तेल पितो, अशी समजूत आपल्याकडे घरोघरी आढळते. तापलेल्या तेलात चिमूटभर मीठ टाकण्याचा सल्ला याच समजुतीतून येतो आणि ‘कमी शोषले जाणारे’ तेल विकणाऱ्या जाहिरातीही तिच्याच आधारावर उभ्या असतात. मीठ तेलात विरघळतच नाही. ते तळाशी जाऊन बसते आणि पदार्थाच्या तेल पिण्याशी त्याचा काहीही संबंध येत नाही. खरी गोष्ट याहून कितीतरी वेधक आहे. पदार्थात शिरणाऱ्या तेलाचा मोठा हिस्सा कढईत शिरत नाही, तर पदार्थ झाऱ्याने बाहेर काढल्यानंतर, तो निवू लागताच शिरतो. हे समजून घेण्यासाठी इजिप्तमधल्या घरांत होणारे मासे आणि बटाट्याचे मसालेदार गोळे हे फार चांगले उदाहरण आहे, कारण त्यांचे दोन्ही मुख्य घटक पाण्याने भरलेले असतात आणि तळणाचा सगळा खेळ या पाण्याभोवतीच चालतो.

इजिप्तमध्ये मासा म्हटले की सर्वांत आधी समोर येतो तो ‘बुल्ती’, म्हणजे नाईल नदीतला तिलापिया. प्राचीन थडग्यांतल्या भित्तिचित्रांतही तो ओळखता येतो, आणि आज नाईलच्या त्रिभुज प्रदेशात, विशेषतः कफ्र अश-शेख प्रांतातल्या तळ्यांत, त्याची मोठ्या प्रमाणावर शेती होते. आपल्याकडे उजनीच्या जलाशयात सापडणारी आणि भिगवणच्या खाणावळींत मिळणारी चिलापी याच कुळातली आहे, त्यामुळे हा पदार्थ महाराष्ट्रात करून पाहणाऱ्याला मासा दूर शोधावा लागत नाही. मसाला मोजका असतो: लसूण, जिरे, धणे, थोडी लाल मिरची आणि लिंबू, सोबत बारीक चिरलेली पार्सली किंवा कोथिंबीर, आणि शेपू. साधारण ४०० ग्रॅम काटे काढलेला मासा आणि ३०० ग्रॅम उकडलेला बटाटा घेतल्यास एक अंडे, लसणाच्या चार-पाच पाकळ्या, दीड चमचा जिरेपूड, एक चमचा धणेपूड आणि चवीपुरते मीठ पुरते. वरचे आवरण मैदा, फेटलेले अंडे आणि पावाचा वाळलेला चुरा अशा क्रमाने दिले जाते.

लिंबाचे काम केवळ चवीचे नाही. समुद्री माशाच्या शरीरात ट्रायमिथिलअमीन ऑक्साइड नावाचे संयुग असते. मासा मेल्यावर जीवाणू त्याचे ट्रायमिथिलअमीन करतात आणि माशाचा ओळखीचा उग्र वास येऊ लागतो. हे संयुग अल्कधर्मी असल्यामुळे लिंबातल्या आम्लाशी त्याची प्रक्रिया होऊन क्षार तयार होतो, आणि क्षार हवेत उडत नसल्याने वास नाकापर्यंत पोचत नाही. तळ्यातल्या माशाची तक्रार मात्र वेगळी असते. त्याला जो मातकट वास येतो तो जिओस्मिन नावाच्या रेणूचा असतो, आणि पहिल्या पावसानंतर मातीला येणाऱ्या वासातही हाच रेणू असतो. जिओस्मिनही आम्लात टिकत नाही, त्यामुळे मासा समुद्रातला असो वा नाईलमधला, लिंबू चोळण्याचा उपाय दोन निरनिराळ्या कारणांनी लागू पडतो.

वास घालवण्यासाठी मासा थोडा वेळ दुधात भिजवण्याचीही पद्धत आहे. दुधातली प्रथिने वासाचे रेणू धरून ठेवतात. परंतु आपल्याकडे मासा आणि दूध एकत्र आले की अंगावर कोड उठते, अशी भीती घातली जाते. कोड ही त्वचेला रंग देणाऱ्या पेशी नष्ट होण्याची व्याधी आहे आणि बहुतांशी शरीराची स्वतःची प्रतिकारयंत्रणाच त्या पेशींवर हल्ला करते. तिचा मासे आणि दुधाशी संबंध असल्याचा कोणताही पुरावा नाही; युरोपात मासा दुधात शिजवून पिढ्यानपिढ्या खाल्ला जातो. ही अंधश्रद्धा निरुपद्रवी मानू नये, कारण तिच्यामुळे कोड असलेल्या माणसाला त्याच्या आजारासाठी त्याच्याच खाण्यापिण्याचा दोष दिला जातो.

आता गोळ्याकडे येऊ. मासा कच्चाच वाटून मिठासह मळला, तर मीठ स्नायूंतले मायोसिन हे प्रथिन बाहेर ओढते, मिश्रण चिकट होते आणि तापल्यावर घट्ट जमते. मासा आधी वाफवून कुस्करला, तर हे प्रथिन आधीच गोठलेले असते आणि बांधणीची सारी जबाबदारी बटाट्यावर व अंड्यावर येते. घरच्या स्वयंपाकासाठी मला दुसरी पद्धत अधिक भरवशाची वाटते, आणि त्याचे कारण उष्णतेच्या गणितात आहे. गोळ्याच्या मध्यापर्यंत उष्णता पोचायला लागणारा वेळ त्याच्या त्रिज्येच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. माशासारख्या ओल्या पदार्थाची उष्णता-विसरणशीलता, म्हणजे त्यात उष्णता पसरण्याचा वेग, दर सेकंदाला सुमारे ०.१४ चौरस मिलिमीटर धरली, तर ३ सेंटिमीटर व्यासाच्या गोळ्याचा गाभा नीट तापायला पाचेक मिनिटे लागतात आणि ४ सेंटिमीटर व्यासाच्या गोळ्याला नऊ ते दहा. एवढ्या वेळात वरचे आवरण करपते. गाभा आधीच शिजलेला असला की तळण्याला फक्त कवच घडवण्याचे काम उरते, आणि त्यासाठी तीन मिनिटे पुरेशी होतात.

बटाटा सालीसकट उकडावा, सोलून कोमट असतानाच कुस्करावा आणि पसरट भांड्यात मंद आचेवर थोडा कोरडा करावा. मिक्सरमध्ये तो कधीही फिरवू नये, कारण पात्याने पेशी फाटतात, आतला फुगलेला स्टार्च बाहेर पडतो आणि मिश्रण डिंकासारखे होते. वळलेले गोळे अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवल्यास स्टार्चचे रेणू पुन्हा एकमेकांशी जुळू लागतात आणि गोळा घट्ट होतो.

गोळा १७५ अंश सेल्सिअसच्या तेलात पडतो, त्या क्षणापासून पृष्ठभागावरचे पाणी उकळू लागते. कढईत उठणारे बुडबुडे तेलाचे नसून या वाफेचे असतात. एक ग्रॅम पाण्याची १०० अंशांवर सुमारे १.७ लिटर वाफ होते, त्यामुळे आवरणातल्या सूक्ष्म छिद्रांतून वाफेचा सतत बाहेरच्या दिशेने झोत सुरू राहतो. तेलाला आत यायचे असले तरी या झोताच्या विरुद्ध त्याला येता येत नाही. त्याच वेळी बाष्पीभवन उष्णताही खेचून घेत असते. एक ग्रॅम पाण्याची वाफ करायला सुमारे २,२६० ज्यूल लागतात; तेच पाणी ३० अंशांवरून १०० अंशांपर्यंत तापवायला जेमतेम ३०० ज्यूल पुरतात. म्हणूनच भोवतीचे तेल १७५ अंशांवर असूनही गोळ्याच्या आत पाणी शिल्लक असेपर्यंत तिथले तापमान १०० अंशांच्या वर जात नाही, आणि आत मासा अक्षरशः वाफवला जातो. फक्त बाहेरचा पातळ थर पूर्ण कोरडा झाला की तो १०० अंश ओलांडतो, आणि तेव्हाच तिथे प्रथिने व शर्करा यांच्यातली मेलार्ड अभिक्रिया वेगाने होऊन सोनेरी तपकिरी रंग आणि खमंगपणा येतो. एकाच वेळी खूप गोळे सोडले तर तेल का निवते, याचेही उत्तर यातच आहे: १०० ग्रॅम तेलात एक ग्रॅम पाण्याची वाफ झाली की त्या तेलाचे तापमान सुमारे ११ अंशांनी उतरू शकते.

मग गोळा बाहेर काढला जातो, आणि इथून पुढचा अर्धा मिनिट मला संपूर्ण पाककृतीतला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. आच गेल्याबरोबर नवी वाफ होणे मंदावते आणि छिद्रांत अडकलेली वाफ थंड होऊन पुन्हा पाणी होऊ लागते. १०० अंशांवर पाण्याच्या वाफेचा दाब एका वातावरणाएवढा, म्हणजे सुमारे १०१ किलोपास्कल असतो. ९० अंशांवर तो ७० किलोपास्कल उरतो आणि ८० अंशांवर केवळ ४७. छिद्रात निव्वळ वाफच असेल, तर कवच ८० अंशांपर्यंत उतरताच आतला दाब बाहेरच्या हवेच्या निम्म्याहूनही कमी होतो. मघापर्यंत बाहेर फुंकणारे छिद्र आता आत ओढू लागते, डोस सोडल्यावर ड्रॉपरचे रबरी टोक सैल केले की ड्रॉपर पुन्हा औषध ओढून घेतो तसे. केशाकर्षणाचा, म्हणजे बारीक छिद्रात द्रव आपोआप ओढला जाण्याचा, वाटाही असतो, पण दहा मायक्रोमीटर त्रिज्येच्या छिद्रात त्याचा जोर पाच-सहा किलोपास्कलच भरतो; दाबातल्या या घसरणीपुढे तो फार लहान आहे.

आता प्रश्न असा की छिद्र काय ओढून घेते? त्याच्या तोंडाशी जे असेल ते. पृष्ठभागावर तेलाचा थर साचलेला असेल तर तेल आत जाते. तो थर निथळून गेलेला असेल तर हवा आत जाते आणि दाब समान होतो. बटाट्याच्या कापांवर झालेल्या प्रयोगांत संशोधकांनी तळण्याच्या वेगवेगळ्या टप्प्यांवर तेलात रंग मिसळून पाहिला, तेव्हा तेलाचा शिरकाव मुख्यतः काप बाहेर काढल्यानंतरच होतो हे दिसून आले. म्हणजे गोळ्याने किती तेल प्यावे, याचा निर्णय बऱ्याच अंशी झाऱ्यावर होतो.

यातून कृतीचे नियम आपोआप निघतात. गोळे काढताना झारा कढईवरच धरून हलकेच झटकावा. तेल गरम असते तेव्हा पातळ असते आणि चटकन निथळते, निवल्यावर ते दाट होऊन चिकटून राहते. नंतर गोळे जाळीवर एकमेकांना न लागता ठेवावेत. कागदावर ढीग करून ठेवल्यास खालच्या गोळ्यांभोवती तेल साचते आणि कोंडलेली वाफ कवच मऊ करते. कागद वापरायचाच असेल तर गोळे बाहेर येताच, पहिल्या काही सेकंदांतच, चहूबाजूंनी टिपून घ्यावेत. पाच मिनिटांनी टिपलेला कागद फक्त उरलेसुरले तेल दाखवतो. आणि तळण्यापूर्वी गोळ्याचा पृष्ठभाग कोरडा असावा, कारण जितके पाणी बाहेर जाते तितकी जागा आत रिकामी होते, आणि मागून येणाऱ्या तेलाला तीच जागा मिळते.

तेलाच्या वयाचाही यात हात असतो. वारंवार तापवलेल्या तेलात मेदाचे रेणू तुटून ध्रुवीय संयुगे तयार होतात, ती साबणासारखी वागतात आणि तेलाचा पृष्ठताण कमी करतात. त्यामुळे तेल ओल्या पृष्ठभागाला अधिक चिकटते, फेस धरते आणि दाट झाल्याने निथळतही नाही. भारताच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाने २०१८ पासून अशा एकूण ध्रुवीय संयुगांची मर्यादा २५ टक्के ठरवली आहे. त्यापुढचे तेल तळणासाठी वापरता येत नाही. घरात हे मोजण्याचे साधन नसते, पण तेल गडद झाले, गोळा सोडताच कढईच्या कडेपर्यंत बारीक फेस चढू लागला किंवा नेहमीच्या आचेवर लवकर धूर येऊ लागला, तर ते बाजूला ठेवावे. पावाचा चुरा गळून तळाशी करपतो आणि तेल लवकर खराब करतो, म्हणून या गोळ्यांचे तेल निवल्यावर बारीक कापडातून गाळून, झाकून, अंधाऱ्या जागी ठेवावे आणि पुढच्या वेळी त्यात माशाखेरीज दुसरे काही तळू नये.