मार्गारिटात पाणी कुणी घातलं?

पंधरा-सोळा माणसं जमली होती. यजमानाने मोठ्या हौसेने काचेच्या भल्यामोठ्या जगात मार्गारिटा करून ठेवली होती: टकिला, ट्रिपल सेक नावाचं संत्र्याच्या सालीच्या स्वादाचं लिकर (म्हणजे गोड मद्य), लिंबाचा रस आणि वरून भसाभस बर्फ. पहिला ग्लास ज्याने उचलला त्याला ठसकाच लागला. तासाभराने आलेल्यांच्या वाट्याला लिंबाच्या वासाचं पाणी आलं. मधली पाच-दहा मिनिटं ती झकास असणार, पण तेव्हा सगळे गप्पांत गुंतलेले. शेवटी कुणीतरी विचारलंच, "यात पाणी कुणी घातलं रे?"

पाणी कुणीच घातलं नव्हतं. चूक झाली ती तिथेच.

मद्यात पाणी म्हणजे भेसळ, ही समजूत आपल्या डोक्यात घट्ट बसली आहे. पण बारटेंडर एक ग्लास मार्गारिटा करतो तेव्हा काय होतं ते मोजून बघा. ६० मिलि टकिला, ३० मिलि ट्रिपल सेक, ३० मिलि लिंबाचा रस, एकूण १२० मिलि. बर्फ घालून शेकर पंधराएक सेकंद खडाखडा हलवायचा आणि गाळून मोजायचं. भरतं साधारण १७५ ते १८० मिलि! म्हणजे ग्लासातला जवळजवळ एक तृतीयांश भाग पाणी आहे आणि ते बर्फाने गुपचूप घातलंय. मद्याचं प्रमाण ३० टक्क्यांवरून २० टक्क्यांवर येतं, आणि आपल्याला आवडते ती चव या २० टक्केवालीची असते. घाऊक प्रमाणात करताना शेकर कुणी वापरत नाही, त्यामुळे हा तिसरा हिस्सा एक तर गळतो किंवा बेहिशेबी येत राहतो.

आता हे ६० मिलि पाणी येतं कुठून? इथे शाळेतला अप्रकट उष्म्याचा धडा आठवावा लागेल. बर्फ थंड असतो म्हणून पेय थंड होतं, असं आपण म्हणतो. ते खरं आहे, पण फारच थोडं. फ्रीझरमधला उणे १८ अंशाचा एक ग्रॅम बर्फ शून्य अंशापर्यंत येताना जेमतेम ९ कॅलरी उष्णता शोषतो. तोच एक ग्रॅम शून्य अंशावर वितळताना ८० कॅलरी गिळतो, आणि तेवढं करून त्याचं तापमान अंशभरही वाढत नाही. थोडक्यात, बर्फ थंड करतो तो थंड असल्यामुळे नव्हे, वितळल्यामुळे. पाणी न मिसळता पेयात टाकलेल्या बर्फाने ते गार करून दाखवा असं कुणी म्हणालं, तर ते पाय न भिजवता नदी चालत ओलांडण्यासारखं आहे.

हिशोब करून टाकू. १२० मिलि मिश्रणाचं वजन धरा ११२ ग्रॅम. ते २५ अंशावरून उणे ५ अंशावर न्यायचं, म्हणजे ३० अंश उतरवायचं. मद्य-पाण्याच्या अशा मिश्रणाची विशिष्ट उष्माधारकता पाण्याच्या आसपासच असते, म्हणजे एक ग्रॅम एका अंशाने उतरवायला साधारण एक कॅलरी, म्हणून ११२ गुणिले ३०, साधारण ३३६० कॅलरी. भागिले ८०. उत्तर ४२ ग्रॅम बर्फ. शेकरचं स्टील गार करायला आणखी नऊ-दहा ग्रॅम, वितळलेलं पाणी शून्याच्या खाली न्यायला थोडा, आणि बर्फाच्या अंगावर आधीपासून असलेलं पाणी वेगळंच. झाले ५५ ते ६०. एवढ्याशा गणितात बारटेंडरचा हात सापडतो, याचं मला दरवेळी अप्रूप वाटतं.

पण थांबा. मी "उणे ५ अंश" असं सहज लिहून गेलो. शून्य अंशावर वितळणारा बर्फ एखाद्या गोष्टीला शून्याच्याही खाली कसा नेईल? उष्णता तर गरम वस्तूकडून थंड वस्तूकडे जाते! मिश्रण शून्यावर आलं की देवाणघेवाण बंद व्हायला हवी. होत नाही. अगदी शून्य अंशाचा, पाणी सुटलेला बर्फ वापरला तरी शेकर बाहेरून पांढरा पडतो, हाताला चिकटायला लागतो. मला या सगळ्या प्रकरणात गंमत वाटते ती इथे.

एक सभागृह आणि त्याचं दार डोळ्यांसमोर आणा. आतली माणसं म्हणजे बर्फात जखडलेले पाण्याचे रेणू, बाहेरची म्हणजे पातळ पाण्यातले मोकळे रेणू. बर्फाच्या पृष्ठभागावर ही ये-जा अखंड चालू असते. शुद्ध पाण्यात शून्य अंशाला जितके बाहेर पडतात तितकेच आत येतात, म्हणून बर्फ ना वाढतो ना घटतो. आता दाराबाहेर परक्यांची गर्दी होऊ द्या. हे परके म्हणजे अल्कोहोलचे रेणू. त्यांना आत प्रवेश नाही, कारण बर्फाच्या स्फटिकात त्यांना जागाच नसते, पण ते दारात उभे राहून वाट अडवतात. बाहेर पडणाऱ्यांना त्याचं काही वाटत नाही, परतणाऱ्यांची संख्या मात्र घटते. म्हणजे शून्य अंशावरही बर्फ वितळतच राहतो.

आणि वितळायला तर ग्रॅममागे ८० कॅलरी लागतात! त्या आणायच्या कुठून? बाहेरून पुरेशा मिळत नाहीत, मग मिश्रण त्या आपल्याच खिशातून देतं. स्वतःची उष्णता देता देता ते गार होतं, आणि त्याच्याबरोबर बर्फही. तापमान उतरलं की बर्फातून सुटणाऱ्यांचा वेग मंदावतो, आणि कुठेतरी शून्याखाली जाणारे आणि येणारे पुन्हा बरोबरीत येतात. तो त्या मिश्रणाचा गोठणबिंदू. परके रेणू कोणते याला फारसं महत्त्व नाही, किती आहेत याला आहे. एक किलो पाण्यात एक मोल रेणू (मोल हे रेणू मोजायचं माप) विरघळले की गोठणबिंदू १.८६ अंशांनी उतरतो. आपल्या १८० मिलि मार्गारिटात अल्कोहोल सुमारे २८ ग्रॅम, म्हणजे ०.६२ मोल, आणि पाणी सुमारे १४० ग्रॅम. किलोमागे झाले ४.४ मोल. गुणिले १.८६, आलं ८.२. लिकरमधली साखर आणि लिंबातलं सायट्रिक आम्ल मिळून आणखी थोडं. म्हणजे ही मार्गारिटा उणे ८ अंशांच्या खाली कुठेतरी गोठू लागेल, आणि शेकर हलवत राहिलात तर तिकडेच सरकेल. मात्र पाणी मिसळत जातं तसतसा गोठणबिंदू वर येत राहतो. तापमान खाली उतरतंय आणि गोठणबिंदू वर चढतोय, दोघांची गाठ मध्ये पडते. (इथे कुणाला एन्ट्रॉपी आठवली असेल तर बरोबर आठवली. बाकीच्यांनी पुढचा परिच्छेद घ्यावा.)

तर त्या काचेच्या जगाचं काय करायचं? जगात बर्फ टाकायचा नाही, पाणी मोजून घालायचं. दहा जणांसाठी ६०० मिलि टकिला, ३०० मिलि ट्रिपल सेक, ३०० मिलि लिंबाचा रस आणि ३०० मिलि पाणी. हे दीड लिटर फ्रिजमध्ये काही तास ठेवून पूर्ण गार करायचं आणि बर्फ फक्त ग्लासात घालायचा. पाणी माणशी ६० ऐवजी ३० मिलिच का? कारण उरलेलं ग्लासातला बर्फ घालतो. चार अंशाचं १५० मिलि पेय उणे ५ पर्यंत न्यायला सोळाएक ग्रॅम बर्फ वितळतो आणि खोलीच्या तापमानाचा काचेचा ग्लास गार करायला दहा-बारा ग्रॅम. झाले की तीस! ग्लासात बर्फ नकोच असेल तर जगात सरळ ६०० मिलि पाणी घाला. ट्रिपल सेक ४० टक्क्यांचं धरलंय. काही बाटल्या बऱ्याच सौम्य असतात, तेव्हा लेबल वाचून पाणी कमी करा.

फ्रिजची हवा उष्णतेची मंदवाहक असल्यामुळे एवढं द्रव गार व्हायला वेळ लागतोच. घाई असेल तर बादलीत बर्फ, थोडं पाणी आणि मूठभर नव्हे, चांगलं ओंजळभर मीठ घालून त्यात जग उभा करा. तेच परक्यांच्या गर्दीचं तत्त्व, फक्त गर्दी मिठाची आणि काचेच्या बाहेर. मीठ-बर्फाचं मिश्रण जास्तीत जास्त उणे २१ अंशांपर्यंत जाऊ शकतं. जुन्या हाताने फिरवायच्या आइस्क्रीमच्या पॉटचं सगळं रहस्य हेच.

मीठ ग्लासाच्या कडेलाही लावतात, ते निव्वळ दिखाऊ नाही. सोडियम जिभेवरचा कडवटपणा दाबतं आणि त्यामुळे मागे पडलेला गोडवा पुढे येतो, हे ब्रेस्लिन आणि बोशाम्प या संशोधकांनी १९९७ साली 'नेचर' या विज्ञान नियतकालिकात दाखवून दिलं. ज्यांना खारट कड आवडत नाही त्यांच्यासाठी जगातच चिमूटभर मीठ पुरतं. लिंबं मात्र त्याच दिवशी पिळा. लिंबाच्या वासातलं सिट्राल आम्लात हळूहळू मोडतं, आणि रस स्वतःच आम्ल आहे.

जाता जाता एका अफवेचा समाचार घेतो. टकिलाने वजन घटतं, रक्तातली साखर उतरते, असं दर वर्षी कुणी ना कुणी मला पाठवतं. टकिला ज्या निळ्या अगेव्हपासून मेक्सिकोत बनते त्या झाडात फ्रुक्टन नावाची, सहज न पचणारी साखरेची लांब साखळी असते हे खरं. पण टकिला करताना त्या झाडाचा गाभा शिजवतात तो ती साखळी तोडण्यासाठीच. सुटलेल्या साखरेचं यीस्ट अल्कोहोल करतं, मग ऊर्ध्वपातन होतं. बाटलीत फ्रुक्टन शोधणं म्हणजे राखेत लाकूड शोधणं. उलट वर आलेला २८ ग्रॅमचा आकडा बघा. अमेरिकेत १४ ग्रॅम अल्कोहोलला एक पेग धरतात, म्हणजे हा एक ग्लास दोन पेगांचा आहे, आणि गार, आंबटगोड असल्यामुळे तो दोन पेगांचा वाटत नाही. जागतिक आरोग्य संघटनेने २०२३ साली अल्कोहोलची निर्धोक अशी कुठलीही मात्रा नसल्याचं स्पष्ट सांगितलंय. गाडी चालवणाऱ्यांसाठी बिनमद्याचा दुसरा जग हवाच.

उरलेली मार्गारिटा फ्रीझरमध्ये ठेवलीत तर सकाळी चमच्याने उकरता येणारा बर्फाचा लगदा मिळेल. फ्रीझर उणे १८ चा, मिश्रणाचा गोठणबिंदू त्याच्या बराच वर, त्यामुळे पाण्याचे स्फटिक सुटतात आणि मध्ये उरलेलं द्रव अधिकाधिक कडक होत गेल्यामुळे गोठायचं नाकारतं. हाच लगदा यंत्राने काढण्यासाठी मारियानो मार्टिनेझ या रेस्टॉरंटमालकाने १९७१ साली अमेरिकेतल्या डॅलसमध्ये सॉफ्ट आइस्क्रीमचं यंत्र कामाला लावलं. ते यंत्र आज वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन संग्रहालयात आहे.

त्या पार्टीच्या दिवशीची दुसरी गोष्ट राहिलीच. तीनशे मिलि रसाला वीस-पंचवीस लिंबं तरी लागतात, आणि आम्हाला त्याहून जास्त लागली होती. ती सगळी एका मित्राने दुपारी उन्हात बसून पिळली. दुसऱ्या दिवशी काही नाही, तिसऱ्या दिवशी हातांवर भाजल्यासारखे लाल चट्टे आणि बोटांच्या बेचक्यात फोड. कुणी ॲलर्जी म्हणालं, कुणी नजर लागली म्हणालं. लिंबाच्या सालीत फ्युरोकुमारिन जातीची रसायनं असतात. ती कातडीवर असताना ऊन पडलं की त्यातले अतिनील-अ किरण त्यांना पेशींच्या डीएनएला चिकटवतात आणि पेशी मरतात. नुसत्या रसाने होत नाही, नुसत्या उन्हाने होत नाही, दोन्ही एकत्र लागतात. हात लगेच साबणाने धुतले असते किंवा तो सावलीत बसला असता तर निभावलं असतं. या विकाराला त्वचारोगतज्ज्ञ चक्क मार्गारिटाचंच नाव देतात, हे ऐकल्यावर तो जरा हसला. फोड आठवड्यात बसले, पण तपकिरी डाग बोटांवर दोन महिने होते.